काशफुलांचा मोसम

माध्यमांतराची चर्चा आपण बहुधा मूळ कृतीशी असलेल्या निष्ठेपाशी आणून थांबवतो. ही निष्ठा नेमकी कशाशी, हे 'पथेर पांचाली'च्या चित्रीकरणाकडे पाहिले की अधिक स्पष्ट होते.

विभूतिभूषण बंद्योपाध्याय यांची ही कादंबरी १९२९ साली पुस्तकरूपाने आली. सत्यजित राय यांनी २७ ऑक्टोबर १९५२ रोजी पालसिटजवळच्या माळावर, काशगवताच्या पांढऱ्या तुऱ्यांत चित्रीकरण आरंभले. छायालेखक सुब्रत मित्र तेव्हा अगदी तरुण होते. पुढच्या खेपेस मंडळी परतली, तो गुरांनी फुले फस्त केलेली! दृश्य पुरे करायला पुढचा मोसम उजाडावा लागला. पैशांअभावीही काम अनेकदा थांबले. दरम्यान अपू-दुर्गा साकारणारी मुले मोठी दिसू लागण्याची धास्ती होतीच. पश्चिम बंगाल सरकारच्या साहाय्याने पूर्ण झालेला चित्रपट १९५५ साली प्रदर्शित झाला.

याच माळावर रायांनी कादंबरीपासून मोठी फारकत घेतली. कादंबरीतली दुर्गा आगगाडी न पाहताच मरते. चित्रपटात ती भावाबरोबर गाडीच्या दिशेने धावते. एका अपुऱ्या इच्छेचे दुःख येथे निश्चितच हरवते. परंतु ऋतूंच्या चालीने उलगडणारे बालपण, हा कादंबरीचा प्राण, चित्रपटात शाबूत राहतो. तो स्टुडिओतल्या कागदी फुलांत सापडला नसता. रायांची निष्ठा घटनांशी नव्हे, त्या चालीशी होती, असे आम्हांस वाटते. आणि तिची किंमत त्यांनी एक अख्खे वर्ष थांबून मोजली.