तळटीप : गंधक

गंधक : येथे अर्थ टायरच्या रबरात मिसळायचे पिवळे चूर्ण. शब्द ‘गंध’वरून आला, पण शुद्ध गंधकाला फारसा वास नसतो, जाळले की नाक झोंबते. सातारा-सांगलीच्या वाचकाला हा शब्द रबराच्या आधी दुसरीकडे भेटतो. तासगावचा बागायतदार द्राक्षावरच्या भुरीसाठी गंधक फवारतो, साखर कारखान्यात ते जाळून निघालेल्या वायूने उसाचा रस निवळतात. म्हणून संदर्भ पाहूनच अर्थ लावावा. कच्चे रबर उन्हाळ्यात चिकटते, थंडीत कडक होते. गंधकासह तापवले की रबराच्या लांब साखळ्यांमध्ये गंधकाचे पूल बांधले जातात आणि ताणलेले रबर पुन्हा मूळ आकारात येते. शंभर भाग रबराला दोन-तीन भाग गंधक पुरते. तीसच्या आसपास घातले तर लवचीकपणा जाऊन कठीण एबोनाइट बनते. चार्ल्स गुडइयरला ही किमया १८३९ मध्ये सापडली. ‘व्हल्कनायझिंग’ हे तिचे नाव रोमन अग्निदेव व्हल्कनवरून पडले. पंक्चरच्या दुकानांच्या पाट्यांवर तेच नाव ‘वल्कनायझिंग’, ‘वलकनाईज’ असे दिसते. ही रूपे बोलीतून घडलेली आहेत. या आवृत्तीत ती मुद्दाम तशीच ठेवली आहेत. — संपादक