वेतन, पद आणि न्यायालय

शाळांचा इतिहास लिहिताना इमारती, देणगीदार आणि निकालांची टक्केवारी यांची नोंद आवर्जून केली जाते. शिक्षकांचे वेतन कोणत्या वाटेने त्यांच्या हाती येऊ लागले, ही कथा मात्र बहुधा न्यायालयांच्या दप्तरातच राहते. स्वतंत्र भारतातील शाळांच्या जडणघडणीत तिचे स्थान मुळीच गौण नाही.

या कथेतील एक महत्त्वाचा टप्पा केरळातील आहे. तेथील खासगी अनुदानित शाळांतील शिक्षक वेतनासाठी व्यवस्थापकांवर अवलंबून असत. 1957 मध्ये शिक्षणमंत्री जोसेफ मुंडशेरी यांच्या शिक्षण विधेयकाने हे वेतन शासनाने थेट अथवा मुख्याध्यापकामार्फत द्यावे, अशी तरतूद केली. विधेयकाविरुद्ध मोठे वादळ उठले आणि राष्ट्रपतींनी सर्वोच्च न्यायालयाचे मत मागविले. 1958 मध्ये न्यायालयाने काही कलमांवर अल्पसंख्याकांच्या हक्कांच्या दृष्टीने आक्षेप घेतला. वेतनाची तरतूद मात्र अनुदानाबरोबर येणारे नियमन म्हणून ग्राह्य धरली.

अनुदान न घेणाऱ्या शाळांचा प्रश्न निराळा होता. दिल्लीच्या 1973 च्या शालेय शिक्षण कायद्याने मान्यताप्राप्त खासगी शाळांतील कर्मचाऱ्यांना शासकीय शाळांपेक्षा कमी वेतन देता येणार नाही, असे ठरविले. पण विनाअनुदानित अल्पसंख्याक शाळा त्यातून वगळल्या. फ्रँक अँथनी पब्लिक स्कूलच्या कर्मचारी संघटनेने या अपवादास आव्हान दिले. 1986 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो भेदभाव ठरविला. शिक्षकाला रास्त वेतन दिल्याने संस्थेच्या स्वायत्ततेला बाध येत नाही, हा त्या निर्णयाचा गाभा होता.

हक्क मान्य झाला तरी दाद कोठे मागावयाची, हा पेच उरलाच. गोव्यातील एका शिक्षिकेची सेवा 1975 मध्ये समाप्त करण्यात आली. तिच्या प्रकरणाचा अंतिम निकाल 1988 मध्ये लागला. शाळा हा कायद्याच्या अर्थाने उद्योग असला, तरी शिक्षक ‘कामगार’ नव्हे, असे सर्वोच्च न्यायालयाने म्हटले. तेरा वर्षांच्या प्रतीक्षेनंतर औद्योगिक विवाद कायद्याचे दार बंद झाले. त्याच निकालात न्यायालयाने शिक्षकांसाठी योग्य न्याययंत्रणेची गरजही अधोरेखित केली.

महाराष्ट्रात अशी यंत्रणा त्यापूर्वीच आली होती. खासगी शाळांतील कर्मचाऱ्यांच्या सेवाशर्तींचा 1977 चा कायदा 1981 मध्ये अमलात आला आणि शाळा न्यायाधिकरण अस्तित्वात आले. बडतर्फी वा पदावनतीइतकेच, पदोन्नतीत डावलले जाणेही तेथे अपिलाचा विषय ठरले. मुख्याध्यापकपदासाठी नियमांनी सेवाज्येष्ठतेस महत्त्व दिले. या पदाचा वाद दोन व्यक्तींपुरता राहत नाही. अनुदानित शाळेच्या वेतनदेयकावर मुख्याध्यापकाची स्वाक्षरी लागते. ती स्वाक्षरी कोणाची, हेच वादग्रस्त झाले की साऱ्या शिक्षकवृंदाचे वेतन अडकण्याची वेळ येते.

प्रभारी म्हणून वरचे काम करणाऱ्याच्या मोबदल्याचाही प्रश्न असाच न्यायालयात गेला. अंदमानातील एका प्राथमिक शिक्षकाने 1992 ते 1995 या काळात स्काउट विभागाच्या सचिवपदाचे काम सांभाळले. त्याला पदोन्नती मिळाली नव्हती. तरी केलेल्या कामाचा मोबदला म्हणून त्या पदाच्या वेतनातील फरक त्यास द्यावा, असा आदेश सर्वोच्च न्यायालयाने 1998 मध्ये दिला.

केरळ, दिल्ली, गोवा, महाराष्ट्र, अंदमान. या सर्व ठिकाणी शिक्षकांनी काही जिंकले, काही गमावले, आणि प्रत्येक वेळी वर्षे खर्ची पडली. त्या वर्षांतही शाळा भरतच होत्या आणि वर्ग रिकामे राहत नव्हते. आज महिन्याच्या ठरल्या दिवशी शिक्षकाच्या खात्यात वेतन जमा होते, तेव्हा त्यामागे ही दीर्घ वाटचाल उभी असते. शाळेच्या लौकिकाचा आनंद मानणाऱ्या माजी विद्यार्थ्यांनी आणि पालकांनी, तो लौकिक ज्यांच्या श्रमांवर उभा राहिला त्यांचे वेतन वेळेवर होते की नाही, हेही विचारीत राहावे. शिक्षकाला न्यायालयाची पायरी चढावी लागू नये, यातच संस्थेची खरी प्रतिष्ठा आहे.