आधी अभ्यास, मग खेळ? (केन ड्रायडनची गोष्ट)

गेल्या रविवारी धाकट्या बहिणीचा फोन आला. भाचा नववीत आहे, बॅडमिंटन चांगलं खेळतो. त्याचे कोच म्हणतायत, शाळा सोडा, दहावी सतरा नंबरचा फॉर्म भरून बाहेरून देऊ दे. "दादा, तू जरा समजाव ना त्याला, तुझं ऐकतो तो."

समजाव म्हणजे काय, ते तुम्हाला कळलंच असेल. आधी अभ्यास, मग खेळ! हे वाक्य मीही दहावीच्या वर्षी ऐकलं. टेबल टेनिसची बॅट माळ्यावर गेली ती गेलीच. त्यामुळे भाच्याला गप्प करायला एखादं दणदणीत उदाहरण हवं होतं, आणि मला केन ड्रायडन आठवला.

बऱ्याच वर्षांपूर्वी कामानिमित्त मी काही महिने अमेरिकेत, न्यूयॉर्क राज्याच्या उत्तरेकडच्या भागात होतो. तिथला एक सहकारी मला इथाकाला, कॉर्नेल विद्यापीठाच्या लायना रिंकवर आइस हॉकीचा सामना बघायला घेऊन गेला. हॉकी म्हटलं की आपल्याला ध्यानचंद आठवणार. इथे बर्फ, पायात स्केट्स आणि चेंडूऐवजी तीन इंच रुंद, एक इंच जाड अशी रबराची कडक चकती. गोल सहा फूट बाय चार फूट, आणि त्यापुढे एकटा गोलकीपर. (हार्वर्डचा संघ आला की कॉर्नेलचे प्रेक्षक बर्फावर चक्क मासे फेकतात. का, ते विचारू नका :) ) ड्रायडनचं नाव मी पहिल्यांदा तिथेच ऐकलं.

केन ड्रायडन कॅनडाचा. जन्म १९४७, हॅमिल्टन गावचा, वाढला टोरांटोत. मोठा भाऊ डेव्हसुद्धा गोलकीपर. १९६४ साली, म्हणजे वयाच्या सतराव्या वर्षाच्या आतच, व्यावसायिक लीगच्या (एनएचएल) ड्राफ्टमध्ये बॉस्टन ब्रुइन्सने त्याला चौदाव्या क्रमांकावर निवडलं आणि काही दिवसांतच त्याचे हक्क मॉन्ट्रियल कॅनेडियन्सला देऊन टाकले. बदल्यात बॉस्टनला जे दोन खेळाडू मिळाले, ते एनएचएलमध्ये एकही सामना खेळले नाहीत. गंमत म्हणजे मुळात आपल्याला बॉस्टनने निवडलं होतं, हे खुद्द ड्रायडनला सत्तरच्या दशकाच्या मध्यापर्यंत माहीतच नव्हतं!

तेव्हा एनएचएलमध्ये संघ होते फक्त सहा. म्हणजे गोलकीपरच्या नोकऱ्या बोटांवर मोजण्याइतक्या. कॅनडातल्या होतकरू मुलाचा ठरलेला रस्ता म्हणजे ज्युनिअर हॉकी, तिथून व्यावसायिक संघ. कॉलेजात जाणं म्हणजे आडवाट. ड्रायडनने आडवाट धरली. कॉर्नेलला इतिहास शिकायला गेला.

पहिल्या वर्षाच्या मुलांना मुख्य संघात खेळायची परवानगी नसे. पुढची तीन वर्षं, १९६६ ते १९६९, तो खेळला. हिशोब बघा: ७६ विजय, ४ पराभव, १ बरोबरी. १९६७ साली कॉर्नेलने अंतिम सामन्यात बॉस्टन विद्यापीठाला ४-१ हरवून राष्ट्रीय अजिंक्यपद मिळवलं. १९६९च्या अंतिम सामन्यात मात्र डेन्व्हरकडून ३-४ने हार.

पदवीनंतरही तो लगेच मॉन्ट्रियलला गेला नाही. कॅनडाच्या राष्ट्रीय संघात गेला, सोबत कायद्याचं शिक्षण. पण १९७० साली कॅनडानेच आंतरराष्ट्रीय स्पर्धांतून अंग काढून घेतलं. मग मॉन्ट्रियलच्या मॅकगिल विद्यापीठात कायदा, आणि कॅनेडियन्सच्या दुय्यम संघात हॉकी.

मार्च १९७१मध्ये मुख्य संघाकडून बोलावणं आलं. सहा सामने, सहा विजय. एवढ्या पुंजीवर त्याला बाद फेरीत उभं केलं, आणि समोर कोण, तर बॉस्टन! आदल्या वर्षीचे विजेते, ७८ सामन्यांत ३९९ गोल ठोकलेले. सात सामन्यांची ती लढत मॉन्ट्रियलने जिंकली, पुढे स्टॅन्ली कपही जिंकला, आणि बाद फेरीतला सर्वोत्तम खेळाडू ठरला कायद्याचा हा विद्यार्थी. सर्वोत्तम नवोदिताचं बक्षीस त्याला मिळालं त्यानंतरच्या वर्षी.

इथपर्यंत सगळं माझ्या सोयीचं. बघ, आधी शिकला, मग खेळला! पण भाच्याला फोन लावायच्या आधी तारखा पुन्हा एकदा मांडल्या, आणि माझा मुद्दाच कोसळला. "आधी" आणि "मग" कुठे आहे यात? कॉर्नेलला तो ८१ सामने खेळला. कायदा शिकतानाही खेळतच होता. त्याची स्टिक एक दिवसही माळ्यावर गेली नाही.

मग हे जमलं कसं? तो हुशार होता, हे खरंच. पण व्यवस्थाही तशी होती. तेव्हा एनएचएलचा मोसम ७० ते ७६ सामन्यांचा, त्याचा कॉलेजातला सरासरी २७ सामन्यांचा. रिंक विद्यापीठाच्या आवारात. आणि तो शिकत असताना त्याचे हक्क मॉन्ट्रियलकडे शाबूत होते, दार बंद झालं नव्हतं. ही व्यवस्था त्याच्या एकट्याच्या जिवावर उभी नव्हती. तो गेल्यावर पुढच्याच मोसमात कॉर्नेलने २९ पैकी २९ सामने जिंकले!

ड्रायडनने एकूण सहा स्टॅन्ली कप जिंकले. मधे १९७३-७४चा मोसम मोबदल्याच्या वादावरून सोडला आणि टोरांटोत वकिलीची उमेदवारी केली. १९७९ला निवृत्त झाला, पुस्तकं लिहिली, खासदार झाला, मंत्री झाला. सप्टेंबर २०२५मध्ये तो गेला. पण माझ्या लेखी खरी गोष्ट १९७१लाच संपते. कारण सतराव्या वर्षी त्याला दोन्हींपैकी एक निवडायला कुणी भाग पाडलं नाही. आपण मात्र पंधरा वर्षांच्या पोराला सांगतो, एक हात काप, कुठला ते तू ठरव. कोचही तेच सांगतात, मामाही तेच सांगणार होता.

बहिणीला फोन करून म्हटलं, मी त्याला समजावणार नाही. समजवायचंच तर मुख्याध्यापकांना समजावू. सकाळचे पहिले दोन तास सूट द्या, बुडालेला अभ्यास मी शनिवार-रविवारी घेतो. ती म्हणाली, "आणि नाही म्हणाले तर?" तर कोचना विचारू, की सराव संध्याकाळी का नाही?

सोमवारी दहाची वेळ मिळाली आहे. भाच्याला ड्रायडनची गोष्ट सांगितली, तेव्हा त्याचा एकच प्रश्न होता, "मामा, ते चार सामने तो कशामुळे हरला?" खेळाडूच आहे कार्टं. असो. सोमवारचं काय होतंय ते कळवीनच.