पाऊस, टायर आणि एका फेरीचा निर्णय

फॉर्म्युला वन शर्यतीत पाऊस आला, तरी शर्यत थांबतेच असे नाही. बदलतात ते टायर. कोरड्या मार्गासाठी खाचा नसलेले ‘स्लिक’, ओल्या मार्गासाठी हिरव्या पट्ट्याचे ‘इंटरमिजिएट’ आणि साचलेल्या पाण्यासाठी निळ्या पट्ट्याचे ‘वेट’ असे तीन प्रकार असतात. उत्पादक पिरेलीच्या माहितीनुसार, ताशी ३०० किलोमीटर वेगाने इंटरमिजिएट टायर सेकंदाला सुमारे ३० लिटर, तर वेट टायर सुमारे ८५ लिटर पाणी बाजूला सारतो. स्लिकला मात्र पाणी सारता येत नाही. पाण्याच्या थरावर तो तरंगू लागतो आणि गाडी स्टीअरिंगला दाद देत नाही.

डावपेचांचा गाभा एकाच प्रश्नात आहे : टायर केव्हा बदलायचे? प्रत्यक्ष बदलास दोन-तीन सेकंद पुरतात. परंतु पिटमार्गावरील वेगमर्यादेमुळे एकूण वीसेक सेकंद खर्ची पडतात. सर ओसरणार असेल, तर आहे त्याच टायरवर तग धरणे श्रेयस्कर. जोर वाढणार असेल, तर एका फेरीचा विलंबही महागात पडतो. मार्ग वाळताना गणित उलटते. इंटरमिजिएट तापून झिजू लागतात आणि ते थंड राहावेत म्हणून चालक मुद्दाम ओल्या भागातून गाडी नेतात. पहिल्यांदा स्लिक चढवणाऱ्या गाडीच्या वेळेवर सर्व संघांची नजर खिळते. बेल्जियममधील सुमारे सात किलोमीटर लांबीच्या स्पा मार्गावर तर एका टोकाला पाऊस आणि दुसऱ्या टोकाला कोरडे, अशीही स्थिती उद्भवते.

चालकाला समोरचा मार्ग दिसतो, संघाला रडारवरचे ढग. या दोहोंचा मेळ न बसल्यास काय होते, हे २०२१ च्या रशियन ग्रांप्रीत दिसले. सोची येथील ५३ फेऱ्यांच्या या शर्यतीत लँडो नॉरिस कारकिर्दीतील पहिल्या विजयाच्या उंबरठ्यावर होता. अखेरच्या फेऱ्यांत पाऊस सुरू झाला. लुईस हॅमिल्टननेही संघाची पहिली सूचना मानली नव्हती. मात्र संघाने आग्रह धरताच ४९ व्या फेरीअखेर तो पिटमध्ये आला. नॉरिसने स्लिकवरच राहणे पसंत केले. पावसाचा जोर वाढला, ५१ व्या फेरीत त्याची गाडी घसरून मार्गाबाहेर गेली आणि तो सातव्या स्थानावर फेकला गेला. हॅमिल्टनने शंभरावा विजय नोंदवला. सर्वांत मागून सुरुवात केलेला मॅक्स व्हेरस्टॅपन त्याच्याही एक फेरी आधी टायर बदलून दुसरा आला.