मोजत राहण्याचा इतिहास

एखादी गोष्ट एकदा मोजली की आकडा हाती येतो. तीच गोष्ट त्याच मापाने वर्षानुवर्षे मोजत राहिले तर तिचा स्वभाव कळू लागतो. शाळेत आम्ही मुलांना मापन शिकवतो ते फूटपट्टी, तराजू आणि घड्याळ यांच्यापुरते. मोजत राहण्यालाही इतिहास आहे, हे सांगायचे राहून जाते. त्या इतिहासातील फार मोठे प्रकरण मिसर देशाचे, नाईल नदीचे आहे.

मिसरमध्ये पाऊस नावालाच पडतो. इथिओपियाच्या डोंगरांत पावसाळा झाला की जूनअखेरीस नाईल चढू लागे आणि सप्टेंबरच्या सुमारास पूर शिगेला पोहोचे. पूर कमी आला तर शेते कोरडी राहत, फार आला तर बांध फुटत. म्हणून फिरऔनांच्या काळापासून तेथे पाणी मोजले जात असे. अरबांनी ही रीत मोडली नाही, उलट पक्की केली. आजच्या कैरोतील रोडा बेटावर ८६१ साली अब्बासी खलिफा अल-मुतवक्किल याच्या हुकुमाने नवे ‘मिकयास’, म्हणजे मापस्थान, उभे राहिले. त्याच्या कामावर देखरेख होती खगोलशास्त्रज्ञ अल-फरगानी याची.

दगडाने बांधून काढलेली एक खोल चौकोनी विहीर, मधोमध संगमरवरी अष्टकोनी स्तंभ आणि नदीचे पाणी आत आणणारी तीन भुयारे, अशी ही रचना होती. स्तंभावर जिराअच्या, म्हणजे हाताच्या खुणा होत्या. एक जिराअ सुमारे ५४ सेंटिमीटरचा. पाणी सोळा जिराअपर्यंत चढले की पूर पुरेसा झाला असे मानत. मग कालव्याचा बांध समारंभाने फोडला जाई आणि सरकारला खराज, म्हणजे शेतसारा, वसूल करता येई. रयतेकडून किती घ्यायचे हे केवळ हाकिमाच्या मर्जीवर राहिले नाही. त्याला पाण्यातल्या एका खुणेचाही आधार लागला.

पण आकडा ज्याच्या हाती असतो त्याच्या हाती सत्ताही असते. पूर कमी आहे असे कळताच व्यापारी धान्य दडवीत आणि भाव कडाडत. म्हणून दहाव्या शतकात फातिमी खलिफा अल-मुइज्ज याने सोळा जिराअ पुरे होईपर्यंत रोजची पातळी जाहीर करण्यास मनाई केली. लोकांत घबराट नको, हा त्यामागचा विचार. तरी लोकांपासून लपवलेला आकडाही नोंदला मात्र जात होता, हे आम्हाला महत्त्वाचे वाटते. आणखी एक अडचण होती. शतकांमागून शतके गाळ साचून नदीचा तळ वर आला आणि पूर्वी पुरणारे सोळा जिराअ पुढे पुरेनासे झाले. खूण तीच राहिली, तिचा अर्थ बदलला. नुसते मोजत राहणे पुरत नाही, आपले माप अजून खरे बोलते आहे का, हेही अधूनमधून पाहावे लागते.

या मिकयासची राखण अबू-अल-रद्दाद नावाच्या एकाच घराण्याने कित्येक शतके केली. राजवटी बदलल्या, अब्बासी गेले, फातिमी आले, पुढे अय्युबी आणि ममलूक आले, पण नोंद चालू राहिली. मिसरचे शाहजादे उमर तूसून यांनी १९२५ साली या जुन्या नोंदी एकत्र करून छापल्या. त्यांतील ६२२ पासून, म्हणजे हिजरी सनाच्या पहिल्या वर्षापासून, १२८४ पर्यंतची ६६३ वर्षांची मालिका जवळजवळ अखंड आहे.

याउलट उदाहरणही आहे. इस्तंबूलला १५७७ मध्ये तकीउद्दीन याने उत्तम वेधशाळा उभारली. १५८० मध्ये सुलतानाच्याच हुकुमाने ती पाडली गेली. उपकरणे नामांकित होती, पण मोजायला जेमतेम तीन वर्षे मिळाली.

नाईलच्या नोंदींचे खरे मोल विसाव्या शतकात कळले. हॅरल्ड हर्स्ट हे इंग्रज जलतज्ज्ञ १९०६ मध्ये कैरोला आले. नाईलवर धरण बांधायचे तर पाण्याचा साठा किती धरावा, हा त्यांच्यापुढचा प्रश्न होता. रोडाचे आकडे तपासताना त्यांना दिसले की कमी पाण्याची वर्षे एकापाठोपाठ येतात आणि भरपूर पाण्याची वर्षेही तशीच जोडीने येतात. नाणे उडवल्यासारखा हा निव्वळ योगायोग नाही. पाऊस, झाडांच्या खोडातील वलये, तलावांच्या गाळाचे थर, इतकेच काय गव्हाचे भाव यांतही त्यांना तेच आढळले. १९५१ साली त्यांनी हे मांडले. पुढे गणितज्ञ मँडेलब्रॉट यांनी या स्वभावाला ‘जोसेफ परिणाम’ असे नाव दिले. जोसेफ म्हणजे आपले हजरत यूसुफ. सुबत्तेची सात वर्षे आणि दुष्काळाची सात वर्षे हा किस्सा आपल्या घराघरांत माहीत आहे. आज हृदयाच्या ठोक्यांचा आणि शेअर बाजाराचा अभ्यासही हर्स्ट यांच्या पद्धतीने होतो.

असेच एक काम आपल्या दाराशी चालले आहे. मुंबईच्या कुलाबा वेधशाळेत १८४१ पासून पृथ्वीच्या चुंबकत्वाची नोंद होत होती. शहरात विजेच्या ट्राम येणार आणि त्यांच्या प्रवाहाने चुंबकसुया बिघडणार, असे दिसताच संचालक नानाभाई मूस यांच्या काळात अलिबागला लोखंड न वापरता नवी वेधशाळा बांधली गेली. १९०४ ते १९०६ अशी दोन वर्षे दोन्ही ठिकाणी एकाच वेळी मोजमाप झाले. जुना धागा नव्याला बांधूनच जुना सोडला. त्यामुळे ही मालिका दीडशेहून अधिक वर्षांची झाली.

२००९ च्या शिक्षणहक्क कायद्याबरोबर आम्हा शिक्षकांच्या वाट्यालाही ‘सातत्यपूर्ण सर्वंकष मूल्यमापन’ आले. एका दिवसाच्या परीक्षेवर मुलाचे भवितव्य ठरू नये, हा त्याचा हेतू रास्त आहे. पण सत्राच्या शेवटी एका बैठकीत सगळे रकाने भरले तर ती वही जाडजूड दिसेल, तिच्यातून मुलाचा स्वभाव मात्र कळणार नाही. पहिलीच्या शिक्षकाने ‘मोठ्याने वाचताना अडखळते, मनात वाचलेले समजते’ एवढी एक खरी ओळ त्या त्या दिवशी लिहिली, तर चौथीत त्या मुलाला कोणी मठ्ठ ठरवणार नाही. आपल्या रोजच्या आकड्याचे हजार वर्षांनी कोण काय करील, हे रोडाच्या राखणदारांना ठाऊक नव्हते. आमच्या वहीचा वाचक त्या मानाने फार जवळचा आहे. तो पुढच्या वर्षी शेजारच्या वर्गात बसलेला असेल.