व्यक्तिचित्र कोणाचे? : प्रस्तावना

जुन्नरहून कोकणात उतरणाऱ्या नाणेघाटात एक लेणे आहे. त्याच्या मागच्या भिंतीवर सातवाहन राजघराण्यातील माणसांच्या आकृती कोरलेल्या होत्या. आज त्यांच्या पावलांचे अवशेष तेवढे उरले आहेत. वरची ब्राह्मी अक्षरे मात्र वाचता येतात. राजा सिमुक सातवाहन, देवी नागनिका, श्री सातकर्णी, कुमार भाय, महारठी त्रणकयिर, कुमार हकुसिरी, कुमार सातवाहन. इ.स.पू. पहिल्या शतकातला हा समूह. चेहरे नाहीसे झाले तरी राजा कोण, देवी कोण, कुमार कोण आणि महारठी कोण, हे आपल्याला ठाऊक आहे. भासाच्या 'प्रतिमा' नाटकात भरत आजोळहून परतताना अयोध्येबाहेरच्या प्रतिमागृहात शिरतो. पूर्वजांच्या रांगेत दशरथाचीही प्रतिमा उभी आहे आणि इथे फक्त दिवंगत राजांच्याच प्रतिमा असतात, हे कळल्यावर त्याला वडिलांच्या मृत्यूचा उलगडा होतो. तिथे प्रतिमेच्या चेहऱ्याइतकेच रांगेतले तिचे स्थानही बोलते.

व्यक्तिचित्र म्हटले की हुबेहूब चेहरा, अशी आपली सर्वसाधारण समजूत असते. ही समजूत चुकीची नाही, पण तोकडी आहे. बाराव्या शतकात कल्याणीचा चालुक्य राजा सोमेश्वर तिसरा याने 'मानसोल्लास'मध्ये चित्रांचे प्रकार सांगितले आहेत. आरशातल्या प्रतिबिंबासारखे जे चित्र, ते 'विद्ध'. त्याशिवायचे प्रकारही त्याने तितक्याच गांभीर्याने नोंदवले आहेत. म्हणजे हुबेहूबपणा ही अनेक वाटांपैकी एक वाट आहे, हे आपल्याकडे आठ-नऊशे वर्षांपूर्वी लिहून ठेवलेले आहे.

माणसाचे 'मी'पण चित्रात आणि शब्दांत कसे उतरते, हा या पुस्तकाचा विषय. आपल्याकडे चित्रकलेचे विद्यार्थी हळदणकर पाहतात, साहित्याचे विद्यार्थी लक्ष्मीबाई टिळक वाचतात, आणि दोघांची गाठ सहसा पडत नाही. ती पडावी म्हणून हा खटाटोप. या क्षेत्रात पहिल्यांदाच पाऊल टाकणाऱ्याने एक गोष्ट धरून चालावी, असे मला वाटते: व्यक्तिचित्र कधीच एकट्याचे नसते. समोर बसणारा, काढणारा, काढून घेणारा आणि पाहणारा, अशा चौघांच्या देवाणघेवाणीतून ते घडते. आणि मराठी परंपरेत तर 'मी' बहुतेक वेळा दुसऱ्याच्या आडूनच बोलला आहे.

एक उदाहरण जरा जवळून पाहू. स्कॉटिश चित्रकार जेम्स वेल्स 1791मध्ये मुंबईत उतरला आणि पुढल्या वर्षी पुण्यात आला. चार्ल्स मॅलेट हा तेव्हा पेशव्यांच्या दरबारातला इंग्रज वकील. वेल्सने सवाई माधवराव आणि नाना फडणवीस यांचे जे मोठे तैलचित्र रंगवले, ते आज लंडनच्या रॉयल एशियाटिक सोसायटीत आहे. पेशवा तेव्हा अठरा वर्षांचा. मोत्या-जवाहिरांनी सजलेला, गादीवर बसलेला. शेजारी उभट, कृश चेहऱ्याचे नाना, अगदी साध्या पांढऱ्या पोशाखात. मागे सेवक. मानाची जागा पेशव्याची, पण चित्रापुढे थोडा वेळ थांबले की नजर पुनःपुन्हा नानांकडे वळते. राज्य कोण चालवतो हे पुण्यात सर्वांना माहीत होते आणि मॅलेटला तर पक्के माहीत होते. दरबारी शिष्टाचार, युरोपीय तैलरंगांचे तंत्र आणि कंपनीचे राजकारण या तिन्ही गोष्टी त्या एका कॅनव्हासवर नांदतात. तीन वर्षांत पेशवा गेला आणि वेल्सही गेला. सवाई माधवराव डोळ्यांसमोर आणताना आज आपण बऱ्याच अंशी वेल्सच्याच नजरेने पाहतो, हे ध्यानात ठेवलेले बरे.

1857मध्ये मुंबईत सर जे. जे. स्कूल ऑफ आर्ट सुरू झाले आणि युरोपीय पद्धतीचे पोर्ट्रेट इथल्या हातांत रुजले. पेस्तनजी बोमनजींनी पारशी घरांतली माणसे रंगवली. गोव्याहून आलेल्या आंतोनियो झेवियर त्रिंदाद यांनी पत्नी फ्लोरेंटिना आणि मुली यांना वारंवार समोर बसवले. त्यांच्या चित्रांचा मोठा संग्रह आज पणजीत आहे. संस्थानिक, न्यायमूर्ती, शेठजी यांची तैलचित्रे पैसे देऊन काढून घेतली जात. त्यांत पदक, पगडी, खुर्ची, हातातले पुस्तक, सगळे ठरवून असे. घरच्या माणसांची चित्रे मात्र चित्रकार स्वतःच्या हौसेने काढी. तिथे सिटिंगचा हिशेब नसतो आणि गिऱ्हाइकाची मर्जी राखायची नसते. म्हणून चित्रकाराचे खरे कसब आणि त्याचे स्वतःचे मन, दोन्ही अनेकदा या घरगुती चित्रांतच सापडतात. ही परंपरा अजून खंडित झालेली नाही. 2006मध्ये अमेरिकेच्या पोर्ट्रेट सोसायटीचा सर्वोच्च पुरस्कार वासुदेव कामत यांना मिळाला, तो त्यांच्या पत्नीच्या व्यक्तिचित्राला.

याच संदर्भात सावळाराम लक्ष्मण हळदणकरांचे 'ग्लो ऑफ होप' पाहावे. हातात दिवा घेतलेली, दुसऱ्या तळव्याने ज्योत झाकणारी स्त्री. बोटांमधून झिरपणारा तांबूस उजेड आणि चेहऱ्यावर पसरलेली त्याची आभा. हे सारे जलरंगात, जिथे चुकलेला फटकारा सहजी पुसता येत नाही. 1945-46च्या सुमारास काढलेले हे चित्र म्हैसूरच्या जगन्मोहन राजवाड्यात आहे. समोर उभी होती ती चित्रकाराची मुलगी गीता. पण चित्र लोकप्रिय झाले आणि मुलीचे नाव मागे पडले. दिवा घेतलेली भारतीय स्त्री एवढेच उरले. चित्रकाराचेही तेच झाले. पुष्कळ लोक आजही ते राजा रविवर्म्याचे समजतात, जो 1906मध्येच वारला होता. एका विशिष्ट मुलीचे चित्र सर्वांचे होते तेव्हा त्या मुलीचे काय होते, हा प्रश्न या क्षेत्राच्या अगदी केंद्रस्थानी आहे. स्त्रियांच्या चित्रांबाबत तर तो पदोपदी विचारावा लागतो.

आता शब्दांकडे वळू. मराठी गद्याचा आरंभीचा थोर ग्रंथ हाच मुळात एक व्यक्तिचित्र आहे. तेराव्या शतकाच्या उत्तरार्धात म्हाइंभटाने चक्रधरस्वामींच्या लीळा गोळा केल्या. ज्यांनी स्वामींना पाहिले, त्यांना भेटून, विचारून, पडताळून. स्वामी कुठे उतरले, कोणाला काय म्हणाले, कोणी काय वाढले, कशावर हसले, अशा बारीकसारीक प्रसंगांतून 'लीळाचरित्र' उभे राहते. ग्रंथकर्ता स्वतः मागे राहतो आणि अनेकांच्या आठवणी पुढे येतात. इथे चक्रधर पाहणाऱ्यांच्या डोळ्यांत दिसतात, आणि त्या पाहणाऱ्यांचीही चित्रे नकळत उमटत जातात.

हाच धागा सहाशे वर्षांनी स्त्रियांच्या लेखनात दिसतो. रमाबाई रानडे यांचे 'आमच्या आयुष्यांतील कांही आठवणी' 1910चे. विषय न्यायमूर्ती रानडे. पण नवऱ्याने शिकवायला बसवलेली, घरातल्या बायकांचे टोमणे सोसणारी आणि तरीही पाटी न सोडणारी मुलगी पानापानांवर आहे. लक्ष्मीबाई टिळकांची 'स्मृतिचित्रे' 1934पासून भागाभागाने आली. नवऱ्याच्या, म्हणजे रेव्हरंड टिळकांच्या, आठवणी सांगता सांगता बाई स्वतःला इतक्या मोकळ्या थट्टेने रेखाटतात की वाचून झाल्यावर मनात ठाण मांडून बसतात त्या लक्ष्मीबाईच. 'मी' म्हणायला संकोचणाऱ्या समाजात नवऱ्याचे चरित्र ही बायकांना मिळालेली सोयीची चौकट होती. त्या चौकटीत त्यांनी स्वतःला बसवून घेतले.

विसाव्या शतकाच्या मध्यावर व्यक्तिचित्र हा मराठीत स्वतंत्र वाङ्मयप्रकार म्हणून स्थिरावला. व्यंकटेश माडगूळकरांची 'माणदेशी माणसं' 1949ची. माडगूळकर स्वतः रेखाटने करीत, आणि त्यांच्या वाक्यांतही रेखाटनाची काटकसर आहे: चार रेघा आणि माणूस उभा. पु. ल. देशपांड्यांच्या 'व्यक्ती आणि वल्ली'तला अंतू बर्वा म्हणजे कोण, हे कोणा एकाचे नाव घेऊन सांगता येत नाही, तरी रत्नागिरीच्या माणसाला तो आपल्याच आळीतला वाटतो. 'गणगोत'मध्ये मात्र खरी, नावानिशीची माणसे येतात. कल्पित माणूस ओळखीचा वाटावा आणि खऱ्या माणसाची नव्याने ओळख व्हावी, ही दोन वेगळी कसबे आहेत. दोन्ही पुस्तके शेजारी ठेवून वाचली तर फरक चटकन कळतो.

दलित आत्मकथनांनी हा सगळा पट उलटापालटा केला. दया पवारांच्या 'बलुतं'ची (1978) मांडणीच पाहा. लेखक दया पवार दगडू मारुती पवारला भेटतो, आणि दगडू आपली कहाणी सांगतो. दोघे एकच. नावारूपाला आलेला, लिहिणारा माणूस आणि गावकुसाबाहेर वाढलेला पोरगा, यांच्यातले अंतर पवार लपवत नाहीत. त्यावरच पुस्तक उभे करतात. बेबी कांबळे यांनी 'जिणं आमुचं' (1986) घरच्यांपासून लपवून लिहिले, आणि त्यात स्वतःपेक्षा अवघ्या वस्तीचे जगणे मांडले. ज्यांचे तैलचित्र कोणी कधी काढले नाही, भिंतीवर टांगले नाही, त्यांनी आपले चित्र आपल्या हाताने काढले. माझ्या मते मराठी व्यक्तिचित्राच्या इतिहासातली ही सर्वांत मोठी घटना आहे, आणि कलेच्या इतिहासकारांनीही तिची दखल घेतली पाहिजे.

आणि 'मी' एकच असतो हे तरी कोणी ठरवले? पुण्याचे बालगंधर्व रंगमंदिर 1968मध्ये उघडले. तिथे गोपाळ देऊसकरांनी रंगवलेली बालगंधर्वांची दोन चित्रे आहेत: एकात पुरुषवेषातले नारायणराव राजहंस, दुसऱ्यात त्यांची स्त्रीभूमिका. महाराष्ट्राने या नटाच्या स्त्रीरूपावर जीव ओवाळून टाकला. त्याचे एकच चित्र लावले असते तर ते अपुरे ठरले असते, हे देऊसकरांनी आणि रंगमंदिर उभारणाऱ्यांनी अचूक ओळखले.

पुढील लेख कोणत्याही क्रमाने वाचावेत. चित्रांची सवय नसलेल्यांनी साहित्यापासून सुरुवात करावी, चित्रकारांनी उलट. वाचताना चार प्रश्न हाताशी असू द्यावेत: हे कोणी काढून घेतले, समोरच्याला त्यात किती बोलता आले, काढणारा स्वतः कुठे दिसतो, आणि कोणाला या चौकटीत जागाच मिळाली नाही? शेवटच्या प्रश्नाचे काम अजून पुष्कळ बाकी आहे. जुन्या स्टुडिओंतले रंगवलेले फोटो, तमाशा फडांच्या जाहिराती, शाळांच्या भिंतींवरची देणगीदारांची तैलचित्रे, यांचा पद्धतशीर अभ्यास मराठीत फारसा झालेला नाही. ज्यांना विषय हवा आहे त्यांनी तिथून सुरुवात करावी. त्यासाठी पदवी लागत नाही. डोळे उघडे हवेत आणि विचारपूस करण्याची चिकाटी हवी.