‘ऑलिम्पिया’च्या हातातला कुंचला

एदुआर माने यांचे १८६३ सालचे ‘ऑलिम्पिया’ हे चित्र कलारसिकांच्या चांगल्या परिचयाचे आहे. शय्येवर पहुडलेली, पाहणाऱ्याच्या नजरेला नजर देणारी त्यातली तरुणी म्हणजे व्हिक्टोरीन म्योराँ. मानेंची आवडती मॉडेल, एवढीच तिची ओळख पुढे उरली. ती दारूच्या आहारी जाऊन अकाली गेली, असेही बराच काळ लिहिले गेले.

नोंदी वेगळेच सांगतात. म्योराँ स्वतः चित्रकार होती. पॅरिसच्या ‘सलाँ’ या प्रतिष्ठित प्रदर्शनात १८७६ साली तिचे आत्मचित्र स्वीकारले गेले. त्याच वर्षी परीक्षकांनी मानेंची दोन्ही चित्रे परत पाठवली. १८७९ मध्ये तिचे चित्र मानेंच्या चित्राच्याच दालनात टांगले गेले. १९०३ मध्ये फ्रेंच कलावंतांच्या संस्थेने तिला सभासद करून घेतले. ती वारली १९२७ मध्ये, वयाच्या ८३ व्या वर्षी. मानेंच्या मृत्यूनंतर तब्बल ४४ वर्षांनी.

प्रदर्शनांच्या छापील सूचींत तिचे नाव होतेच. पण अभ्यासक तिला शोधत राहिले ते मानेंच्या कॅनव्हासवर, आणि तिथे ती मॉडेलच असणार! दुर्लक्षाची किंमत मोठी आहे: तिची अगदी मोजकी चित्रे आज हाती उरली आहेत. त्यांतले आत्मचित्र बॉस्टनच्या ललित कला संग्रहालयात आहे. त्याची प्रत ‘ऑलिम्पिया’शेजारी ठेवून एकदा पाहावी. बाई तीच, मात्र इथे स्वतःला कसे दाखवायचे, हे तिने ठरवले आहे.